वाण, गुण आणि दोष

मराठीत एक जुनी म्हण आहे : ढवळ्याशेजारी बांधला पवळ्या, वाण नाही पण गुण लागला. दावणीच्या दोन बैलांची ही म्हण बहुधा वाईट संगतीच्या संदर्भात वापरली जाते. तथापि तिच्यातील शब्दयोजना बारकाईने पाहण्यासारखी आहे. वाण म्हणजे रंग, आणि रंगाच्या ओघाने बीज, कूळ, जन्मतः जे जे मिळाले ते सर्व. गुण म्हणजे सहवासाने जे लागते ते. एक बदलत नाही, दुसरा बदलतो, आणि दोहोंमधील सीमारेषा दावणीच्या दोराइतकी स्पष्ट आहे, हे या म्हणीने गृहीत धरले आहे. त्याच भाषेत ‘खाण तशी माती’ हीदेखील म्हण आहे. म्हणजे एकाच समाजाने दोन्ही पक्षांचे वकील आपल्या पदरी बाळगले आहेत आणि गरज पडेल तसा एकेकाला तो उभा करतो.

ही गरज केव्हा पडते? मूल गुणी निघाले तर वकिलांची जरुरी भासत नाही. श्रेय वाटून घ्यायला घरात माणसे पुरेशी असतात. परंतु ज्या घरातील तीन वर्षांचे मूल हाक मारली तरी वळून पाहत नाही, बोलत नाही, एखाद्या डब्याचे झाकण तासन्‌तास फिरवीत बसते, त्या घरात एक प्रश्न उभा राहतो. प्रथम तो ‘हे कशामुळे झाले?’ असा असतो. चार दिवसांत त्याचे ‘हे कोणामुळे झाले?’ असे रूपांतर होते. दोन्ही वाक्यांत फरक आहे तो केवळ एका सर्वनामाचा. पहिला प्रश्न कारण शोधतो, दुसरा आरोपी. बालमनाच्या जडणघडणीत जीवशास्त्राचा वाटा किती आणि परिस्थितीचा किती, हा वाद वरवर पाहता शास्त्रीय आहे. वस्तुतः विसाव्या शतकात तो बराच काळ या दुसऱ्या सर्वनामाच्या अमलाखाली चालला, आणि त्याची किंमत बहुतांशी स्त्रियांनी मोजली.

स्वमग्नतेचा इतिहास हे त्याचे ठळक उदाहरण होय. (‘स्वमग्नता’ हा मराठी प्रतिशब्दही निर्दोष नाही. ‘मग्न’ या शब्दाला संतवाङ्मयापासून सुखाचा आणि स्वेच्छेचा वास आहे. जणू मूल आपण होऊन कोठे बुडी मारून बसले आहे.) बाल्टिमोरच्या जॉन्स हॉपकिन्स रुग्णालयातील लिओ कॅनर या बालमनोविकारतज्ज्ञाने १९४३ साली अकरा मुलांची, आठ मुलगे व तीन मुली यांची, निरीक्षणे प्रसिद्ध केली. इतरांशी भावनिक संपर्क जोडण्याची असमर्थता ही मुले जन्मतःच घेऊन आली आहेत, असा निष्कर्ष त्याने काढला. परंतु त्याच निबंधात त्याने या मुलांच्या सुशिक्षित, बुद्धिजीवी पालकांकडेही नजर वळवली आणि त्यांच्यात खरोखर मायाळू अशी माणसे थोडीच आढळली, अशी नोंद केली. १९४९ साली त्याने एक प्रतिमा वापरली : ही मुले जणू बर्फ न वितळणाऱ्या फ्रीजमध्ये नीटनेटकी ठेवून दिलेली होती. कॅनरच्या प्रतिमेत फ्रीज हे घर होते. लोकांच्या तोंडी पडताच त्याची ‘रेफ्रिजरेटर माता’ झाली. आठ वर्षांपूर्वीच, १९४१ मध्ये, याच कॅनरने मातांच्या बचावार्थ एक सबंध पुस्तक लिहिले होते, हे लक्षात घेतले म्हणजे एखादे रूपक त्याच्या कर्त्याच्या हातून कसे निसटते याची कल्पना येते.

रूपकाचे पुढचे पाऊल अधिक भीषण होते. ब्रूनो बेटेलहाइम हा व्हिएन्नाचा ज्यू. १९३८-३९ मध्ये डाखाउ आणि बुखेनवाल्ड येथील नाझी छळछावण्यांत तो सुमारे अकरा महिने होता. पुढे शिकागो विद्यापीठाच्या ऑर्थोजेनिक स्कूलचा प्रमुख म्हणून त्याने जवळजवळ तीस वर्षे काम केले. ‘द एम्प्टी फोर्ट्रेस’ हा त्याचा ग्रंथ १९६७ साली आला. छावणीत काही कैदी जगाकडे पाठ फिरवून आतल्या आत विझून जात, हे त्याने डोळ्यांनी पाहिले होते. स्वमग्न मुलात त्याला तोच कैदी दिसला. आता मूल कैदी असेल तर पहारेकरी कोण, हा प्रश्न रूपकच विचारते आणि रूपकच त्याचे उत्तर मागते. ती मोकळी जागा आईने भरून काढावी लागली. मूल नसते तर बरे, ही पालकाची सुप्त इच्छाच विकाराला कारणीभूत होते, असे त्याने प्रतिपादन केले. त्याच्यापाशी प्रयोग नव्हता, मोजणी नव्हती; होती ती भोगलेल्या अनुभवाची दाहकता आणि लेखणीची ताकद. साहित्याच्या अभ्यासकांना हा लेखक परका नाही. परीकथांवरील त्याचा १९७६ चा ग्रंथ आजही समीक्षेत उद्धृत होतो. परीकथेतल्या सावत्र आईचा अर्थ ज्या हाताने लावला त्याच हाताने खऱ्या आयांचे निकालपत्र लिहिले गेले. ललित वाङ्मयात जी शक्ती गुण ठरते तीच येथे अपराधापर्यंत गेली, असे म्हणावे लागते.

त्या सिद्धान्ताचे व्यवहारातले रूप असे की मुलाला आईपासून दूर ठेवणे हाच उपचार ठरला. आया मनोविश्लेषकासमोर बसून आपल्या मनातला नसलेला द्वेष वर्षानुवर्षे शोधत राहिल्या. फ्रान्समध्ये तर या विचारसरणीचा प्रभाव एकविसाव्या शतकातही टिकून होता.

हा आरोप केवळ पाश्चात्त्य खूळ म्हणून बाजूस सारता येत नाही. साने गुरुजींचे ‘श्यामची आई’ १९३५ साली प्रसिद्ध झाले आणि मराठी मनात मातेचे शिल्पकार म्हणून स्थान कायमचे झाले. त्या पुस्तकाला दोष देण्याचे कारण नाही. त्यात कर्ज आहे, सावकाराचे अपमान आहेत, भाऊबंदकी आहे, वडील आहेत, कोकणातला निसर्ग आणि दारिद्र्य आहे. श्याम या सर्वांनी मिळून घडला आहे. वाचकाने मात्र पुस्तकापेक्षा शीर्षकच अधिक लक्षात ठेवले. मूर्तीचे सगळे श्रेय एकाच हाताला दिले की मूर्तीत खोट निघाल्यास त्याच हाताला जाब विचारण्याची सोय होते. ‘आईने वळण लावले नाही’ हे वाक्य आणि ‘रेफ्रिजरेटर माता’ हा शब्द यांच्यातील अंतर वाटते तितके मोठे नाही.

आरोपाला पहिले भक्कम उत्तर दिले ते एका बापाने. बर्नार्ड रिमलंड हा अमेरिकन नौदलातील मानसशास्त्रज्ञ. त्याचा स्वतःचा मुलगा स्वमग्न होता. १९६४ साली प्रसिद्ध झालेल्या त्याच्या ग्रंथाने आईवर ठेवलेल्या आरोपाचा एकेक पुरावा तपासून फेकून दिला. प्रस्तावना कॅनरनेच लिहिली होती. १९६९ मध्ये पालकांच्या सभेत बोलताना कॅनरने त्यांना जाहीरपणे निर्दोष ठरवले, आणि त्यासाठी जो शब्द योजला तो न्यायालयातला होता. टाळ्या झाल्या असतील, समाधानही झाले असेल. तथापि, सुटका जाहीर करावी लागली याचा अर्थच असा की खटला चालू होता.

पुरावा आला १९७७ साली. सुझन फोलस्टाइन आणि मायकेल रटर यांनी ब्रिटनमधून जुळ्या भावंडांच्या एकवीस जोड्या शोधून काढल्या, ज्यांत निदान एक मूल स्वमग्न होते. एकाच बीजापासून झालेल्या अकरा जोड्यांपैकी चार जोड्यांत दुसरे भावंडही स्वमग्न निघाले. दोन बीजांच्या दहा जोड्यांपैकी एकाही जोडीत तसे आढळले नाही. दोन्ही प्रकारच्या जुळ्यांचे घर एक, आई एक. मग हा फरक आईच्या स्वभावातून येणे शक्य नव्हते. आकडे लहान होते. पुढील दशकांतील मोठ्या अभ्यासांनी आनुवंशिकतेचा वाटा मोठा असल्याचे पक्के केले. मात्र याच निबंधातील दुसरी बाजू सहसा सांगितली जात नाही. समान बीज असूनही सात जोड्यांत एकच मूल स्वमग्न होते, आणि अशा जोड्यांत जन्मवेळच्या इजेसारख्या घटनांचा हात असावा, असेही त्या दोघांनी नोंदवले होते. वाण आणि गुण यांना दावणीच्या दोन खुंट्यांना बांधता येत नाही, हे तेथेच दिसत होते.

परंतु लंबक एकदा सुटला की मध्ये थांबत नाही. आई निर्दोष ठरली, आता ‘जन्मतःच असे’ या शब्दांनी दार बंद होऊ लागले. जनुकाला ‘आराखडा’ म्हणण्याची रीत पडली आणि आराखडा म्हटला की इमारत ठरलेली, हा अर्थ आपोआप चिकटला. जनुकीय म्हणजे अटळ, ही समजूत किती उथळ आहे हे खरे तर १९३४ पासून ठाऊक असायला हवे होते. त्या वर्षी नॉर्वेतील एका आईने आपल्या दोन मतिमंद मुलांच्या लघवीला विचित्र वास का येतो, हा प्रश्न डॉक्टरांमागून डॉक्टरांना विचारीत अखेर आस्ब्यॉर्न फ्यॉलिंग या वैद्याला गाठले. त्यातून फिनिलकीटोनमेह या आनुवंशिक विकाराचा शोध लागला. या मुलांच्या शरीराला प्रथिनांतील फिनिलॲलानिन हा एक घटक पचवता येत नाही, तो साठतो आणि वाढत्या मेंदूची हानी करतो. १९५० च्या दशकात त्यावर उपाय निघाला तो आहाराचा : तो घटक जेवढ्यास तेवढाच ठेवायचा. जन्मतः निदान होऊन असा आहार मिळालेले मूल शाळेत इतरांसारखे शिकते. जनुक तेच राहिले, ताट बदलले. त्या आईने ‘कशामुळे’ हे सर्वनाम सोडले नाही, म्हणून हे घडले.

उलट बाजूचा प्रश्नही तितकाच टोकदार होता. आईचा दोष नाही हे मान्य. मग घराचे, मायेचे काही महत्त्वच नाही की काय? जॉन बोल्बी या इंग्रज मनोविकारतज्ज्ञाने १९५१ साली जागतिक आरोग्य संघटनेसाठी लिहिलेल्या अहवालात, मातेच्या किंवा तिची जागा घेणाऱ्या एका स्थिर व्यक्तीच्या अखंड सहवासाला बालमनाच्या आरोग्याचा पाया मानले होते. मायकेल रटर याने १९७२ मध्ये या सिद्धान्ताची फेरतपासणी केली. हा तोच रटर, जुळ्यांच्या अभ्यासातला. १९४० साली, वयाच्या सातव्या वर्षी, युद्धामुळे धाकट्या बहिणीसह त्याला आईवडिलांपासून दूर अमेरिकेत धाडण्यात आले होते. चार वर्षे तो परक्या घरी वाढला. विरहाचा अर्थ त्याने केवळ ग्रंथांतून जाणला नव्हता. त्याने जो भेद केला तो भाषेच्या अभ्यासकालाही मोलाचा वाटावा : जुळलेले नाते तुटणे वेगळे आणि नाते मुळी कधी जुळलेच नसणे वेगळे. दोहोंना ‘मायेला पारखे होणे’ हा एकच शब्दप्रयोग लावल्याने विचारात गोंधळ झाला होता. पारखे होण्यासाठी आधी काही आपले असावे लागते.

नाते कधी जुळलेच नाही अशी मुले किती असतील? याचे उत्तर रुमानियातून आले. तेथील हुकूमशहा निकोलाय चाउशेस्कु याने १९६६ साली काढलेल्या ७७० क्रमांकाच्या फर्मानाने, चार मुले असलेल्या वा पंचेचाळिशी ओलांडलेल्या स्त्रियांसारखे मोजके अपवाद वगळता, गर्भपातावर बंदी आली. संततिनियमनाची साधनेही दुर्मीळ झाली. देशाला मनुष्यबळ हवे होते. दुसऱ्याच वर्षी जन्मांची संख्या जवळजवळ दुप्पट झाली. पोसता न येणारी मुले सरकारी संस्थांत ठेवण्याची सोय, नव्हे उत्तेजन होते. डिसेंबर १९८९ मध्ये राजवट कोसळली तेव्हा अशा संस्थांत एक लाखाहून अधिक मुले होती. अनेक ठिकाणी एका परिचारिकेकडे डझनाहून अधिक तान्ही मुले. दूध बाटलीने, बाटली उशीला टेकवलेली. पाळी बदलली की चेहरा बदलला. रडून कोणी येत नाही हे कळल्यावर मुले रडेनाशी होतात, हे त्या वेळी तेथे गेलेल्यांनी लिहून ठेवले आहे. पाळण्यांची रांग असलेली खोली, आणि शांत.

यांपैकी काही मुले ब्रिटनमध्ये दत्तक गेली. रटर आणि त्याच्या सहकाऱ्यांनी अशा १६५ मुलांचा पाठपुरावा सुरू केला. वयाच्या सहा महिन्यांच्या आत संस्थेतून बाहेर पडलेली मुले, हाडांचे सापळे होऊन आलेली असूनही, बव्हंशी इतरांच्या बरोबरीला पोचली. त्याहून अधिक काळ राहिलेल्यांत मात्र लक्ष न टिकणे, परक्याशी अंतर न राखणे अशा अडचणी टिकून राहिल्या. आणि १९९९ साली रटरने नोंदवले की यांतील साधारण सहा टक्के मुलांची लक्षणे थेट स्वमग्नतेसारखी आहेत. जुळ्यांच्या आधारे स्वमग्नता आनुवंशिक असल्याचे ज्याने दाखवून दिले त्यानेच आता परिस्थितीतून तिची प्रतिकृती उमटलेली पाहिली, आणि तितक्याच शांतपणे लिहिली. आपल्याच प्रसिद्ध निष्कर्षाला छेद देणारी नोंद प्रसिद्ध करणारे संशोधक फार नसतात. ही मुले हुबेहूब स्वमग्न मुलांसारखी नव्हती. माणसांविषयीचे त्यांचे कुतूहल अधिक होते, वाढत्या वयाबरोबर काहींची लक्षणे निवळत गेली. तरीही दोन भिन्न वाटांनी एका मुक्कामाजवळ येता येते, एवढे स्पष्ट झाले.

मग बेटेलहाइमचे म्हणणे खरे ठरले काय? मुळीच नाही. तो आईच्या मनातल्या थंडपणाविषयी बोलत होता. येथे आईच नव्हती, कोणीच नव्हते. मुलाच्या मेंदूला अशी इजा व्हायला एखाद्या स्त्रीचा रुक्ष स्वभाव पुरत नाही. त्यासाठी फर्मान लागते, अंदाजपत्रक लागते, माणसांची तुटपुंजी नेमणूक लागते. ज्या घरांत आईकडे बोट दाखवले गेले तेथे ती निर्दोष होती. जेथे खरोखरच परिस्थितीने मुलांना मोडले तेथील आयांना नको असलेली बाळंतपणे कायद्याने करावी लागली होती, आणि पंधरा पाळण्यांमधून फिरणारी परिचारिकाही एकच होती. ‘कोणामुळे’ हे सर्वनाम एकवचनी व्यक्तीवर येऊन थांबते, ही त्याची मूळ खोड आहे.

एक जनुक, एक कारण हीदेखील त्याच खोडीची शास्त्रीय आवृत्ती. न्यूझीलंडमधील डनिडिन येथे १९७२-७३ साली जन्मलेल्या हजारावर मुलांच्या अभ्यासातून २००३ साली असे जाहीर झाले की सेरोटोनिनशी निगडित एका जनुकाचा विशिष्ट प्रकार असणाऱ्यांनाच जीवनातील आघात नैराश्याकडे नेतात. गोष्ट सुरेख होती : वाण आणि गुण यांचा सांधा सापडला. वृत्तपत्रांनी ती उचलली. २००९ आणि २०१९ मधील व्यापक विश्लेषणांत तिला आधार मिळाला नाही. जनुक आणि परिस्थिती यांची देवघेव खोटी ठरली असे नव्हे. ती एका धाग्याने विणलेली नाही, एवढेच ठरले. रुमानियाहून आलेल्या मुलांचे तारुण्यापर्यंतचे वृत्त २०१७ मध्ये प्रसिद्ध झाले. सहा महिन्यांहून अधिक काळ त्या खोल्यांत राहूनही सुमारे एक पंचमांश मुले कोणत्याही टप्प्यावर विशेष अडचणीविना वाढली होती. त्यांना कशाने तारले याचे समाधानकारक उत्तर अद्याप नाही, आणि गोष्ट सांगण्याची घाई असणाऱ्यांना या मुलांचा उल्लेख फारसा आवडत नाही.

या सर्व कथेतील सर्वांत कठीण नैतिक प्रश्न मात्र पुढे आला तो सद्‌हेतूतूनच. २००० साली चार्ल्स नेल्सन, नेथन फॉक्स आणि चार्ल्स झीना या तीन अमेरिकन संशोधकांनी बुखारेस्टमध्ये एक प्रकल्प आरंभला. संस्थांतील सहा ते एकतीस महिने वयाची १३६ मुले निवडण्यात आली. चिठ्ठ्या काढून त्यांतील ६८ जणांना प्रकल्पाने उभ्या केलेल्या, मानधन आणि मार्गदर्शन मिळणाऱ्या पालक-कुटुंबांत धाडले; उरलेली ६८ होती तेथेच राहिली. साडेतीन वर्षांच्या सुमारास बुद्ध्यंक मोजले तेव्हा संस्थेतल्या मुलांची सरासरी ७७, कुटुंबात गेलेल्यांची जवळजवळ ८६ आणि त्याच शहरात स्वतःच्या घरी वाढलेल्या मुलांची १०३ भरली. दोन वर्षांच्या आत घर मिळालेल्या मुलांच्या मेंदूतील विद्युत्‌लहरीही आठव्या वर्षी घरी वाढलेल्या मुलांसारख्या दिसू लागल्या. म्हणजे माया ही केवळ ‘गुण’ लावीत नाही. ती मज्जातंतूंत उतरते, वाणच होऊन बसते. काही गोष्टी मात्र घर मिळूनही सुधारल्या नाहीत. चंचलता तशीच राहिली.

संस्थेपेक्षा घर बरे हे आधीच ठाऊक नव्हते काय? ठाऊक असूनही ६८ मुलांना मागे ठेवणे हे कोणत्या नीतीत बसते? संशोधकांची बाजू अशी : प्रकल्पापूर्वी बुखारेस्टमध्ये पालक-कुटुंबांची व्यवस्था जवळजवळ नव्हतीच, चिठ्ठी न निघालेल्या मुलाला पुढे घर मिळाल्यास त्याला रोखायचे नाही असे ठरले होते, आणि त्यांतील बरीच मुले यथावकाश बाहेर पडलीही, शिवाय संस्था मुलांना पोसतात हे खरे मानणाऱ्या शासनाला निर्विवाद पुराव्याखेरीज दुसरे काही पटणार नव्हते. हा युक्तिवाद बळकट आहे. २००४ मध्ये रुमानियाने दोन वर्षांखालील मुलांना संस्थेत ठेवण्यास कायद्याने मनाई केली; भारताच्या २०१५ च्या बाल न्याय अधिनियमातही संस्था हा अखेरचा उपाय असल्याचे तत्त्व आहे. तरीही युक्तिवाद बळकट असल्याने मन स्वस्थ होत नाही. ज्या ज्ञानाने पुढच्या मुलांचे भले झाले ते मिळवण्यासाठी एका मुलाचा पाळणा जागचा हलला नाही, आणि त्या मुलाला विचारणारे कोणी नव्हते. त्याच्या वतीने संमतीपत्रावर सही केली ती बालसंरक्षण आयोगाने.

ती मुले आता पंचविशीच्या आसपास आहेत. प्रकल्पाच्या पुढच्या तपासण्यांची संमतीपत्रे त्यांच्यासमोर येतात तेव्हा त्यांवर सही करावी की नाही, हे आता त्यांचे त्यांनाच ठरवायचे असते.